अनवाणी महाराज

आधी माफी मागतो. लिहिणे हे माझे काम नाही. आमच्या घरात आजवर जे काही लिहिले गेले ते अर्ज होते, आणि तेही दुसऱ्याकडून लिहून घेतलेले. वडील परभणीकडे कापसाच्या एका जिनिंगमध्ये रखवालदार आहेत, आई तिथेच हंगामात सरकी झाडायला जाते. कॉलेजचा दरवाजा घरातून पहिल्यांदा मी ओलांडला. त्यामुळे पुस्तकात छापून येण्यासारखे काही माझ्याजवळ असेल, असे मला वाटत नव्हते. शिवाय जे सांगणार आहे त्यात माझा चांगुलपणा फारसा नाही. तरी सांगतो, कारण ही गोष्ट दुसरा कुणी सांगेल तेव्हा ती विनोदी होते. ती विनोदी नाही.

ग्लासगोला मी भूशास्त्र शिकायला आलो. सप्टेंबरात आलो आणि पहिल्याच महिन्यात समजले, की दिवाळीच्या सुमारास वर्गाची सहल इटलीच्या दक्षिणेकडे एका बेटावर जाणार आहे. तिथला ज्वालामुखी जागा आहे. स्थानिक गाईड रात्रीच्या अंधारात वर घेऊन जातो, तोंडातला लाल उजेड दाखवतो आणि सूर्य उगवला की खाली आणतो. तिथे जे दिसेल त्याचे टिपण लिहायचे. उन्हाळ्यात आमच्या प्राध्यापक बाई त्याच डोंगरावर कामाला जाणार होत्या आणि सोबत दोनच विद्यार्थी नेणार होत्या. त्यांची निवड या टिपणावरून होणार होती. मला त्या दोघांत यायचे होते. इतके उघडपणे मला आयुष्यात दुसरे काही हवे झालेले आठवत नाही.

बूट मी धर्मादाय दुकानातून घेतले. कुणीतरी वापरलेले, पण तळवा जाड आणि घट्ट. पायाला जरा मोठे होते, म्हणून मोज्यांचे दोन जोड घालायचो. दसऱ्याला आईचा व्हिडिओ कॉल आला. आमच्याकडे त्या दिवशी हत्यारांची पूजा असते. वडिलांची काठी आणि बॅटरी, आईचे सूप, सगळे पाटावर मांडलेले दिसत होते.

"तुझं हत्यार कोणतं रं तिथं?" आईने विचारले.

मी दगड फोडायचा हातोडा दाखवला. मग जरा घुटमळून बूट दाखवले.

"पायताणाला कुंकू लावतेत व्हय?" ती म्हणाली. मागून वडील काहीतरी बोलले. तिने थोडा विचार केला. "त्याच्यावर तुझं पोट चालणार आसंल तर लाव. पर आधी पुसून घे."

मी पुसून घेतले आणि दोन्ही बुटांच्या पुढच्या टोकाला कुंकू लावले. कातड्याच्या शिवणीत ते अडकून बसले आणि पुढे बरेच दिवस निघाले नाही.

आता डॉक्टरांच्या मुलाविषयी. डॉक्टरकाका आणि काकू इथे हॉस्पिटलच्या नोकरीसाठी आले त्याला खूप वर्षे झाली. मराठी विद्यार्थी ग्लासगोत उतरला, की पहिल्या रविवारी त्यांच्याकडे वरणभात जेवतो. मीही जेवलो, आणि नंतरही पुष्कळदा जेवलो. काकू डबा भरून द्यायच्या. त्यांचा मुलगा इथेच जन्मलेला आणि माझ्याच वर्गात. दिसायला देखणा, बोलायला मोकळा. सगळ्यांना तो आवडायचा. पहिले काही आठवडे मलाही आवडला.

बेटावर डोंगराच्या पायथ्याशी एक लहानसे चर्च आहे. चढायला लागण्याआधी गाईड आत जाऊन मेणबत्ती लावतो, ती त्यांची पद्धत. आमचा गाईड म्हातारा आणि तुटक इंग्रजी बोलणारा होता. आधी दारात उभे राहून त्याने नियम सांगितले: वाट सुरू झाली की कुणासाठी थांबणार नाही, पुढे-मागे दुसरे गट आहेत, वर ठरलेल्या वेळेतच राहता येते. मग तो आत गेला. पोरेही त्याच्यामागून आत गेली, बुटांसकट.

मी दारात बूट काढले. मला त्यात विचार करण्यासारखे काही वाटलेच नाही. देव कुणाचाही असो, त्याच्यापुढे पायताण घालून कसे जायचे? आत जाऊन हात जोडले. माझ्यासाठी काय मागितले ते वर लिहिलेच आहे.

बाहेर आलो तर बूट नव्हते.

आधी वाटले, अंधारात दिसत नसतील. बॅटरीने पायऱ्या पाहिल्या, कुंपण पाहिले, झुडपांत हात घातला. पोरे रांगेत उभी राहू लागली होती. गाईड एकेकाच्या पायावर उजेड टाकत येत होता. बुटाचा तळवा वर करायला लावायचा, अंगठ्याने दाबून बघायचा आणि पुढे सरकायचा. माझ्यापाशी आला तेव्हा त्याच्या उजेडात माझे मोजे होते.

"नो," तो म्हणाला.

मी काय काय बोललो ते आठवत नाही. बाईंनी विचारले, कुणी पाहिले का, कुणाकडे जादा बूट आहेत का. कुणाकडे नव्हते. डॉक्टरांचा मुलगा रांगेत माझ्यासमोरच होता. त्याने माझ्याकडे पाहिले, मग आम्हाला सोडून खाली परत चाललेल्या व्हॅनच्या दिव्यांकडे पाहिले. रांग निघाली. डोक्यांवरचे दिवे वळणावळणाने वर गेले, नि लहान होत होत दिसेनासे झाले.

मी चर्चच्या पायरीवर बसून राहिलो. अधूनमधून वर कुठेतरी ढोल बडवल्यासारखा आवाज यायचा आणि ढगाची खालची बाजू तांबडी व्हायची. डोंगराचे तोंड तिथून दिसत नव्हते. उजाडले तेव्हा माझ्या बाजूला फक्त समुद्र पांढरा झाला.

सगळे खाली आले ते राखेने माखलेले, ओरडत, एकमेकांना फोटो दाखवत. व्हॅन परत आल्या. आणि मागच्या व्हॅनच्या आरशाला नाड्यांनी बांधून माझे बूट लटकत होते.

"अरे, सॉरी यार!" डॉक्टरांचा मुलगा हसत आला. "मी सीटच्या खाली ठेवला होता, ड्रायव्हरने वर लटकवला. एजवेअरला माझी कझिनची लग्न झाली ना, तेव्हा आम्ही नवऱ्याची शूज लपवली होती, सेम तसं! दोन मिनिटांत देणार होतो. पण व्हॅन गेलीच एकदम. जोक झाली रे, बॅड टायमिंग."

"तू गाईडला सांगितलं का नाहीस?"

"मग सगळ्यांचीच लेट झाली असती. मलापण नसता नेला त्याने." त्याने माझ्या खांद्यावर हात ठेवला. "तू रागावला नाही ना?"

मी म्हणालो, नाही. हे 'नाही' माझ्या तोंडून का आले त्याचा मी पुढे सगळा हिवाळा विचार केला.

बाईंना मी जे टिपण दिले त्यात आवाज होता, ढगाचा रंग होता, आणि बाकी पान मोकळे होते. डिसेंबरात दोघांची निवड झाली. एक स्कॉटिश मुलगी आणि तो. बाई चांगल्या होत्या, मला बोलावून म्हणाल्या की तुझी भाषा प्रामाणिक आहे, पण वर काय आहे ते तू पाहिलेलेच नाहीस.

तेवढ्यावर थांबले असते तर कदाचित मी विसरलो असतो. पण सहलीहून आल्याआल्याच त्याने घरी गोष्ट सांगितली होती, ती स्वतःला वगळून. पोराने चर्चच्या दारात बूट काढले आणि हरवून बसला, एवढीच. इथल्या मराठी मंडळाच्या दिवाळीच्या कार्यक्रमात मी हॉलमध्ये शिरलो तर डॉक्टरकाका लांबूनच ओरडले, "या, या, अनवाणी महाराज!" सगळे हसले. तेव्हापासून मला तेच नाव पडले. फराळाच्या टेबलापाशी, संक्रांतीच्या तिळगुळाला. "काय महाराज, आज आहेत ना पायात?" तोही हसायचा, सगळ्यांत आधी. आणि मी त्यांच्याच घरचा डबा हातात घेऊन हसायचो, कारण डब्यात काकूंच्या हातच्या पोळ्या असायच्या.

मी ठरवले ते जानेवारीत. काय करायचे ते ठरले नव्हते. इतकेच ठरले होते, की तो अनवाणी चालेल आणि मी बघेन.

एडिंबरा शहराच्या मधोमध एक मेलेला ज्वालामुखी आहे. त्यावर आता गवत आहे आणि रविवारी लोक कुत्री फिरवतात. आमच्या विभागातर्फे तिथे लोकांसाठी पहाटेच्या फेऱ्या निघतात. अंधारात चढायचे, वर सूर्योदय बघायचा, वाटेत खडकांची माहिती ऐकायची. गाईड म्हणून विद्यार्थीच असतात. मी नाव दिले. जिवंत नाही मिळाला, निदान मेलेला तरी नीट बघावा. हिवाळाभर मी त्या डोंगरावर जात राहिलो. कुठे दगड ओला राहतो, कुठे वारा ढकलतो, पोरे रात्री कुठे बसून बाटल्या फोडून जातात, सगळे पायांना पाठ झाले. प्रत्येक फेरीच्या सुरुवातीला मी लोकांचे बूट तपासायचो. तळवा वर करायला लावून अंगठ्याने दाबायचो. ही सवय मी कुठून उचलली ते मला कुणी विचारले नाही.

फेब्रुवारीत मंडळाच्या सभेत कुणीतरी सुचवले, की यंदा पाडव्याची गुढी त्या डोंगरावर उभारू, उगवत्या सूर्यासमोर. आणि गाईड तर आपल्या घरचाच आहे.

"अनवाणी महाराज नेणार आपल्याला?" डॉक्टरकाका म्हणाले. "मग चपला घरीच ठेवून येतो."

पाडव्याला अंधारातच आमची बस एडिंबऱ्याला पोचली. थंडी कडक होती. बायकांनी नऊवारीवर जाड जाकिटे चढवली होती. कुणाच्या हातात वेळूची काठी, कुणाकडे तांब्या, कुणाकडे साखरेची गाठी. कडुलिंब इथे मिळत नाही, म्हणून काकूंनी कढीपत्त्याच्या डहाळ्या आणल्या होत्या. मी वाहनतळावर सगळ्यांना रांगेत उभे केले आणि एकेकाच्या पायावर उजेड टाकत गेलो. त्याच्यापाशी आलो. उंची, नवे कोरे बूट.

"पाय वर कर," मी म्हणालो.

"सीरियसली?" तो हसला. "मी जिवंत व्होल्कॅनो चढलाय. हा तर टेकडी आहे."

"सगळ्यांचे बघतो."

त्याने पाय वर केला. मी तळवा दाबला. चांगला होता. नाड्यांना पिवळा रंग होता, तो मी लक्षात ठेवला.

चढताना मी माझे काम चोख केले, हे सांगितले पाहिजे. म्हाताऱ्यांना हात दिला. अवघड जागी थांबून प्रत्येकाला पुढे काढले. इथे एके काळी लाव्हा वाहत होता म्हटल्यावर एका आजींनी विचारले, "आता पुन्हा नाही ना रे उठायचा?" मी म्हणालो, "नाही आजी, हा कधीच गार झाला." मी खडकाबद्दलच बोलत होतो.

माथ्यावर सपाट जागा फार थोडी आहे. दगडांच्या खोबणीत काठी रोवली, खण बांधला, तांब्या उपडा घातला. पूर्वेला समुद्रावर नारिंगी रेघ उमटली होती. आणि ज्या क्षणाची मी हिवाळाभर वाट पाहिली होती, तो कुणी न सांगता आला. काकू म्हणाल्या, "चला रे, बूट काढा. पूजा आहे."

सगळ्यांनी काढले. दगड बर्फासारखे होते, लोक पाय चोळत, हसत, ओरडत गुढीभोवती दाटले. मागे उतारावर बुटांची रास पडली. गाईड म्हणून मी मागे उभा होतो, कडेला कुणी जाऊ नये म्हणून. पिवळ्या नाड्या सहज सापडल्या. मी ते बूट सॅकमध्ये घातले, थर्मासच्या खाली, आणि बंद ओढून घेतला. सूर्य वर आला. सगळ्यांनी हात जोडले. मीही जोडले, माझे बूट काढून.

मग शोधाशोध सुरू झाली.

"माझी शूज कुठेयत?" तो म्हणाला.

"घ्या!" कुणीतरी ओरडले. "घरंगळले वाटतं खाली."

पोरे कड्याच्या बाजूला वाकून पाहू लागली. मी त्यांना मागे ओढले. डॉक्टरकाका म्हणाले, "माझे घे," पण त्यांचा पाय लहान होता. काकू माझ्याकडे आल्या. थंडीने त्यांचे नाक लाल झाले होते.

"तुझ्या सॅकमध्ये काही जादा आहे का रे? चप्पल वगैरे?"

"नाही, काकू."

तो माझ्याकडे बघत होता. त्याची नजर माझ्या खांद्यावरच्या पट्ट्यावर गेली, मग सॅकच्या फुगलेल्या पोटावर. त्याला कळले. मला वाटले, आता हा ओरडेल, सगळ्यांसमोर सॅक उघडायला लावेल. मला तेही चालले असते. मी उत्तर तयार ठेवले होते, सगळे, चर्चच्या पायरीपासून.

"चालेल," तो म्हणाला. "लेट्स गो. सगळ्यांची लेट नको."

तो मोज्यांवर उतरू लागला. मी शेवटी असतो, म्हणून सगळी वाट तो माझ्यापुढे होता. आधी मोजे भिजले, मग काळे झाले. खडीवर तो बोटे आखडून चालायचा. मी प्रत्येक पाऊल बघितले. त्याचे बूट माझ्या पाठीला लागत होते आणि मी ते दिले नाहीत. खालच्या वळणावर, जिथे पोरे बाटल्या फोडतात, त्याने एकदम पाय उचलला आणि भिंतीला टेकला.

"काय झालं रे?" काकू पुढून ओरडल्या.

"नथिंग, आई. दगड."

ती जागा मला माहीत होती. प्रत्येक फेरीत तिथे आलो की मी लोकांना सावध करायचो. त्या दिवशीही केले होते, बूट घातलेल्यांना. त्याच्याजवळून जाताना मी थांबलो. त्याने मोजा पुन्हा सारखा केला होता.

"हॅपी?" त्याने हळूच विचारले.

"हो," मी म्हणालो. हे खरे होते. कुणी विचारेल, तेव्हा तुला वाईट नाही का वाटले? लिहिताना मी ते वाक्य घालायचा प्रयत्न करून पाहिला, पण खोटे वाटले आणि खोडले.

बसमध्ये सगळ्यांच्या आधी चढून मी बूट तो येताना बसला होता त्या मागच्या सीटखाली ठेवले. ग्लासगो जवळ आल्यावर त्याचा आवाज आला, मोठ्याने, सगळ्यांना ऐकू जाईलसा. "सापडली! माझ्याच बॅगेत होती. काय मूर्ख आहे मी."

डॉक्टरकाका खो खो हसले. "घ्या! आता दुसरे अनवाणी महाराज!"

बस हसली. त्या दिवसापासून मला ते नाव कुणी लावले नाही. मी घरी फोन करून आईला सांगितले की गुढी चांगली झाली. तिने विचारले, "बूट टिकलेत ना?" मी म्हणालो, टिकलेत.

त्याच आठवड्यात तास संपले. परीक्षा आल्या. त्याने परीक्षा वेगळ्या खोलीत दिली असे कानावर आले, पण मी कारण विचारले नाही. डॉक्टरांकडे जेवायला जाणे मी बंद केले होते.

मेच्या अखेरीस बाईंची ईमेल आली. उन्हाळ्याच्या कामात एक जागा मोकळी झाली आहे, तू येशील का? मी ती उभ्या उभ्या वाचली आणि खोलीत एकटाच ओरडलो. आईला सांगितले, वडिलांना सांगितले. रात्रभर वर चढायचे, तोंडातला तांबडा उजेड बघायचा, उजाडेपर्यंत तिथेच थांबायचे, आणि एकदा नाही, पूर्ण उन्हाळाभर. जागा कशी मोकळी झाली ते ईमेलमध्ये नव्हते. मीही विचारले नाही.

निघायच्या आदल्या दिवशी काकू आल्या. हातात डबा होता, मी इतके दिवस गेलो नव्हतो तरी. खुर्चीवर बसल्या, माझे दारापाशी ठेवलेले बूट त्यांनी पाहिले.

"तुला माहीतच नसेल," त्या म्हणाल्या. "त्यानेच कुणाला सांगू नका म्हटलं होतं. पाडव्याला त्याच्या पायात काच गेली होती. आम्हाला घरी आल्यावर कळलं, मोजा काढला तेव्हा. आत खोल होती. शीर तुटली म्हणाले. दोनदा ऑपरेशन झालं. अजून काठी घेऊन चालतो. डोंगराचं म्हणशील तर यंदा नाहीच, पुढेही किती जमेल कोण जाणे."

मी उभाच होतो. "कोणता पाय?" मी विचारले.

"डावा." त्या उठल्या, डबा टेबलावर ठेवला. दारात थांबून त्यांनी पर्स चाचपली, मग आठवल्यासारखे वळल्या.

"आणि हो, त्याने निरोप दिलाय तुला. आता तो कशाला, ते मला काही कळलं नाही. म्हणाला, त्याला सांग, तिथल्या चर्चमध्ये जाशील तेव्हा या वेळी बूट काढू नकोस."